एफ्राइम डॉझियर, अलाबामाचे प्रतिनिधी

माझे बाबा, एफ्राइम डॉझियर, एल्मोरा गावात गोऱ्यांच्या दाढ्या करायचे. कोर्टासमोर त्यांचं तीन खुर्च्यांचं दुकान होतं. त्या खुर्च्यांवर फक्त गोरे बसायचे. आमच्या लोकांचे केस बाबा रविवारी प्रार्थना आटोपल्यावर मागच्या अंगणात कापायचे, पेकनच्या झाडाखाली, स्वयंपाकघरातल्या खुर्चीवर. दुकानात काळा माणूस खुर्चीला टेकलेला दिसला असता तर सोमवारपासून दुकानात कुणी आलं नसतं.

आणि हेच बाबा दर चार वर्षांनी जून महिन्यात आठवडाभर दुकान बंद ठेवून देशाच्या राष्ट्राध्यक्षपदाचा उमेदवार निवडायला जायचे.

हे खोटं वाटेल, पण तेव्हा तसंच होतं. आमच्या अलाबामात सगळे गोरे डेमोक्रॅट. गुलामगिरी संपवणारा रिपब्लिकन पक्ष उरला होता तो आमच्या लोकांत आणि दहापाच गोऱ्यांत. निवडणुकीत त्या पक्षाला आमच्याकडे कुत्रं विचारत नव्हतं, पण उमेदवार ठरवणाऱ्या पक्षाच्या अधिवेशनात अलाबामाच्या खुर्च्या मांडलेल्या असायच्या, आणि त्या खुर्च्यांवर बसायला माणसं लागायची. बाबा वाचणारे होते, शब्दाचे पक्के होते, दारू पीत नव्हते. १८९६ साली आमच्या भागातल्या लोकांनी चर्चमध्ये हात वर करून त्यांना निवडलं. तेव्हा मी आठ वर्षांची होते. आईनं बुटांच्या खोक्यात तळलेली कोंबडी आणि रताळ्याचं गोड सारण भरून भाजलेला 'पाय' बांधून दिला, कारण वाटेत आमच्या लोकांना जेवायला कुठं मिळणार नव्हतं. त्या वर्षी अधिवेशन सेंट लुईसला होतं. तिथल्या हॉटेलांनी आमच्या प्रतिनिधींना खोल्या दिल्या नाहीत. बाबा एका आचाऱ्याच्या घरी जमिनीवर झोपले आणि तरी परत आले ते उजळलेल्या चेहऱ्यानं.

"डेलिया," ते आईला म्हणाले, "तिथं मला मिस्टर डॉझियर म्हणतात. 'मिस्टर डॉझियर, आपण बसा. मिस्टर डॉझियर, आपलं मत काय?' गोरा माणूस गं. ओहायोचा. अहो-जाहो करून बोलतो."

आई कॉलरला इस्त्री करत होती. ती म्हणाली, "चार वर्षांतले तीन दिवस मिस्टर. बाकीचे दिवस मोजा आता."

"राज्यांची नावं पुकारतात ना, तेव्हा पहिलं नाव आपलं. अ अलाबामाचा. सगळा हॉल गप्प होतो. दहा हजार माणसं वाट बघतात, आम्ही काय म्हणतो त्याची."

"बरं झालं," आई म्हणाली. "आता बादलीभर पाणी आणता का, मिस्टर डॉझियर?"

बाबा हसले आणि पाणी आणायला गेले. आई बोलायची तिखट, पण त्यांचा काळा कोट ती स्वतः ब्रश करून, कापूर घालून ठेवायची. वर्षभर तो कोट कुणालाही हात लावू द्यायची नाही.

१९०१ साली राज्यानं नवी घटना केली आणि पुढच्या वर्षी सगळ्यांनी मतदार यादीत नव्यानं नाव घालायचं असं ठरलं. बाबा पहिल्याच दिवशी कोर्टात गेले. यादी करणाऱ्या बोर्डाचा मुख्य कॅप्टन टिलरी होता. त्याची दाढी बाबांनी त्याच सकाळी केली होती.

"काय रे एफ्राइम, इकडं कुठं?"

"नाव घालायला आलोय, कॅप्टनसाहेब."

"चांगल्या चारित्र्याचा माणूस लागतो. तू चांगला आहेस हे मला माहीत आहे रे. पण तसं कागदावर कुठं आहे?"

बाबांनी विचारलं, कागद कुणाचा आणू. कॅप्टन म्हणाला, ते मी कसं सांगणार. मग त्यानं त्यांना देशाच्या घटनेतला एक उतारा वाचायला लावला. बाबांनी न अडखळता वाचला. अर्थ विचारला, तोही सांगितला. कॅप्टननं ऐकून घेतलं, पेन खाली ठेवलं आणि म्हणाला, "चांगलं वाचतोस. पण बोर्डाचं समाधान झालं नाही."

आमच्या काउंटीत, म्हणजे जिल्ह्यात, वीस हजार माणसं होती, त्यातली सोळा हजार आमची. त्या उन्हाळ्यात आमच्यातल्या एकवीस जणांची नावं यादीत राहिली. बाबांचं राहिलं नाही. पुढच्या शनिवारी कॅप्टन टिलरी नेहमीप्रमाणे आला, नेहमीच्या खुर्चीवर डोकं मागं टाकून बसला आणि बाबांनी त्याच्या गळ्याला फेस लावला. मी दारातून बघत होते. कॅप्टन मासेमारीच्या गोष्टी सांगत होता आणि बाबा "हो साहेब, हो साहेब" म्हणत होते.

पण अधिवेशनाला ते जात राहिले. पक्षाच्या नियमांत प्रतिनिधी मतदार असलाच पाहिजे असं कुठं लिहिलेलं नव्हतं. १९०४ पासून पुढं दर वेळी अधिवेशन शिकागोलाच भरायचं, त्याच एका अवाढव्य हॉलमध्ये. आई म्हणायची, "तिकडं जाऊन राष्ट्राध्यक्ष ठरवता आणि इकडं गावात कुत्री पकडणारा कोण असावा हे सांगायला तुम्हाला मत नाही. मी हे कुणाला सांगितलं तर लोक मला वेडी म्हणतील."

"ते एक दार उघडं आहे गं," बाबा म्हणायचे. "एकच आहे. तेही आपल्या हातानं लावून घेऊ?"

त्या दाराचा एक फायदा होता. वॉशिंग्टनमध्ये सरकार रिपब्लिकनांचं असलं की गावातला पोस्टमास्तर पक्षाच्या शिफारशीनं नेमला जायचा. शिफारस करणाऱ्यांत बाबा होते. ज्या गोऱ्यांना पोस्टाची नोकरी हवी असायची ते अंधार पडल्यावर, मागच्या दारानं, आमच्या स्वयंपाकघरात यायचे आणि टोपी हातात धरून उभे राहायचे. आई त्यांना बसा म्हणायची नाही. माझ्या आठवणीत तिचा तेवढाच आनंद आहे.

१९१२ चं अधिवेशन सगळ्यांत मोठं. त्या वर्षी राष्ट्राध्यक्ष एका बाजूला आणि माजी राष्ट्राध्यक्ष दुसऱ्या बाजूला, दोघांनाही उमेदवारी हवी होती. पारडं इतकं डळमळत होतं की दक्षिणेतल्या आमच्या लोकांच्या मतांवर येऊन थांबलं. बाबा शिकागोत मिसेस ग्रिग्ज नावाच्या बाईंच्या घरी उतरायचे. तिथल्या जिन्यावर दोन्हीकडची माणसं बसून असायची. एकानं बाबांना गावात सरकारी जागा देऊ केली. दुसऱ्यानं मला, म्हणजे त्यांच्या मुलीला, वॉशिंग्टनमध्ये कारकुनी. बाबांनी दोघांनाही एकच सांगितलं: "चर्चमध्ये लोकांनी मला राष्ट्राध्यक्षांच्या बाजूनं मत द्यायला सांगून पाठवलंय. मी तेच देणार. आपण चहा घेणार का?"

मत द्यायच्या वेळी कुणीतरी अलाबामाच्या आकड्यावर हरकत घेतली, म्हणून एकेका प्रतिनिधीचं नाव पुकारलं गेलं. "एफ्राइम डॉझियर!" एवढ्या मोठ्या हॉलमध्ये माझ्या बापाचं नाव. ते उभे राहिले आणि त्यांनी उत्तर दिलं. गॅलरीतून आरोळ्या सुरू झाल्या. राष्ट्राध्यक्षांची बाजू सगळ्यांना चिरडत चाललीय असं दाखवायला लोक वाफेच्या रोलरसारखे आवाज काढत होते, सँडपेपर घासत होते. "कितीला विकलास रे?" असं कुणीतरी ओरडलं आणि सगळी गॅलरी हसली. बाबा खाली बसले. ते आम्हाला म्हणाले की, हसणारे लोक उत्तरेचे होते, चांगल्या कपड्यांतले.

माजी राष्ट्राध्यक्ष हरले आणि त्यांनी रागानं नवा पक्ष काढला. ऑगस्टमध्ये बाबांनी पेपरात वाचलं की त्या नव्या पक्षानं दक्षिणेतल्या काळ्या प्रतिनिधींना घ्यायचंच नाही असं ठरवलंय. पेपराची घडी घालून ते म्हणाले, "निदान आपला पक्ष असं तोंडावर म्हणत नाही."

आठ वर्षांनी आपल्या पक्षानंही म्हटलं. तोंडावर नाही, पण म्हटलं.

आमच्या काउंटीत वेदरबी नावाचा लाकडाच्या गिरणीचा मालक होता. सारा जन्म डेमोक्रॅट. त्याला एकदम रिपब्लिकन व्हावंसं वाटलं, कारण पुढचं सरकार रिपब्लिकन येणार हे दिसत होतं आणि पोस्टाच्या जागा आपल्या हातून वाटाव्यात असं त्याच्या मनात होतं. मागच्या दारानं यायचा त्याला कंटाळा आला असावा. त्यानं आणि त्याच्यासारख्या तीसेक गोऱ्यांनी एका हॉटेलात सभा घेतली, काळ्यांना अडवायला दारावर माणूस उभा केला आणि स्वतःच स्वतःला प्रतिनिधी निवडून घेतलं. म्हणजे आता एका खुर्चीला दोन दावेदार. निकाल शिकागोत पक्षाची समिती देणार होती.

त्या वेळी बाबांची नजर अधू झाली होती. कागद वाचून दाखवायला मी बरोबर गेले. मी बत्तीस वर्षांची होते, काउंटीच्या शाळेत शिकवत होते, लग्न केलं नव्हतं. खोक्यात पुन्हा कोंबडी आणि तोच रताळ्याचा 'पाय'. ओहायो नदी ओलांडेपर्यंत आम्ही इंजिनाला लागून असलेल्या, काळ्यांसाठीच्या डब्यात, कोळशाची धूळ खात. नदीपलीकडं डबे वेगळे नव्हते, म्हणून ती ओलांडल्यावर बाबांनी रुमालानं कोटाची कॉलर पुसली आणि दुसऱ्या डब्यात जाऊन बसले, अगदी सावकाश, कुणीतरी उठ म्हणेल की काय असं बघत. कुणी म्हटलं नाही.

समितीसमोर आमचा नंबर चौथ्या दिवशी लागला. लांबलचक टेबल, त्यामागं पन्नासेक पुरुष, सिगारचा धूर. मी मागं भिंतीला टेकून उभी होते. प्रत्येक दाव्याला दहा मिनिटं. आधी वेदरबी बोलला.

"मी एफ्राइमच्या विरोधात नाही," तो म्हणाला. "भला माणूस आहे. माझी दाढी तोच करतो. पण साहेब, दक्षिणेत पक्ष वाढवायचा असेल तर गोऱ्या माणसाला लाज वाटणार नाही असा पक्ष पाहिजे."

मग अध्यक्षांनी बाबांना पुढं बोलावलं. ते पश्चिमेकडचे होते, आवाज मऊ होता. "मिस्टर डॉझियर, आपल्या काउंटीत गेल्या निवडणुकीत पक्षाला किती मतं पडली?"

"एकोणतीस, साहेब."

"आणि लोकसंख्या?"

"वीस हजार. त्यातले सोळा हजार आमचे."

"सोळा हजार!" ते बाकीच्यांकडे वळून म्हणाले. मग पुन्हा बाबांकडे, अगदी सभ्यपणे: "मग आपण इतक्या वर्षांत पक्षासाठी केलंत काय? सोळा हजारांतून एकोणतीस?"

बाबा म्हणाले, "साहेब, आमची नावं यादीत घेत नाहीत."

"ते राज्याचं काम झालं. त्यात आम्ही काही करू शकत नाही. आम्ही फक्त आकडा बघतो."

"आकडा त्याच्यामुळेच आहे, साहेब."

"मला समजतं आपलं म्हणणं. पण मिस्टर वेदरबी म्हणतात की ते हजार मतं आणतील."

मग वेदरबीनं एक कागद पुढं केला. एल्मोराच्या कोर्टाचा शिक्का, खाली कॅप्टन टिलरीची सही. 'एफ्राइम डॉझियर, रंग काळा, धंदा दाढी करणे, हा या काउंटीचा नोंदलेला मतदार नाही.' अध्यक्षांनी तो मोठ्यानं वाचला आणि विचारलं, "हे खरं आहे का, मिस्टर डॉझियर?"

मी मागून बघत होते, बाबांनी कोटाची कॉलर नीट केली. मग ते म्हणाले, "खरं आहे."

"मिस्टर वेदरबींना अनुकूल?" अध्यक्षांनी विचारलं. टेबलाभोवती हो-हो झालं. "प्रतिकूल?" दोघा-तिघांचे आवाज आले. पुढचं नाव पुकारलं गेलं. बाबा अजून तिथंच उभे होते, तेव्हा शिपायानं त्यांच्या कोपराला धरून त्यांना बाजूला केलं.

बाहेर एका सदस्यानं येऊन त्यांचा हात हातात घेतला. "मिस्टर डॉझियर, मला फार वाईट वाटतं. आपण इतकी वर्षं एकनिष्ठ राहिलात. हे घ्या, गॅलरीचे दोन पास."

मी म्हटलं, "बाबा, घरी जाऊ या."

"पास दिलेत ना," ते म्हणाले.

आम्ही गॅलरीत अगदी वर, छताखाली बसलो. जूनचा उकाडा होता, छत तापलं होतं, खाली माणसं पंखे हलवत होती. त्या वर्षी उमेदवार लवकर ठरेना. पहिल्या फेरीत कुणालाच पुरेशी मतं नाहीत, दुसरी फेरी, तिसरी, चौथी. रात्री म्हणे हॉटेलच्या खोलीत मोठी माणसं बसली. दुसऱ्या दिवशी पुन्हा. दर फेरीला पुकारणारा अ पासून सुरू करायचा. "अलाबामा!" आणि खाली वेदरबीच्या लोकांतून कुणीतरी उठून आकडा सांगायचं. असं दहा वेळा झालं.

"बाबा, चला ना," मी सहाव्या की सातव्या फेरीला म्हटलं. "तुम्ही काही खाल्लं नाही सकाळपासून."

"थांब, ओझेला. संपू दे."

"काय संपू दे? कोण जिंकतो त्याच्याशी आपला काय संबंध आता?"

मला तो प्रश्न विचारायला नको होता. आज छत्तीस वर्षं झाली, अजून वाटतं, नको होता. दहाव्या फेरीनंतर खाली बँड वाजायला लागला, कागदाचे तुकडे उडाले. बाबा उठले, टोपी घातली. बाहेर रस्त्यावर येऊन त्यांनी विचारलं, "कोण ठरला?" सगळा वेळ ते तिथंच होते आणि त्यांनी ऐकलं नव्हतं.

घरी आलो तेव्हा गावाला कळलेलं होतं. वेदरबीनं तार केली होती. पहिले काही दिवस कुणी काही बोललं नाही. मग एका शनिवारी जज्ज हॅलबर्ट खुर्चीवर बसल्या बसल्या म्हणाले, "एफ्राइम, तू शहाणा माणूस आहेस, म्हणून सांगतो. इतकी वर्षं तुला कुणी हात लावला नाही, कारण पोस्टाच्या जागेला तुझं पत्र लागायचं. आता तसं काही राहिलं नाही. जरा जपून राहा."

बाबा म्हणाले, "हो साहेब."

जपून राहिले नाही ती मी. त्याच ऑगस्टमध्ये देशातल्या बायकांना मताचा हक्क मिळाला. ऑक्टोबरमध्ये मी आणि शाळेतल्या दोन बाई कोर्टात गेलो. मी घरात कुणाला सांगितलं नव्हतं. टिलरी म्हातारा झाला होता, पण तिथंच बसला होता. "डॉझियरची पोरगी ना तू?" तो म्हणाला. "तुमच्या घराण्याला ही खोडच आहे." त्यानं मला काही वाचायलाही लावलं नाही. सोमवारी शाळेच्या साहेबांनी मला पुढच्या सत्रापासून येऊ नको म्हणून कळवलं. मंगळवारी दुकानाची काच फुटली. दगडाला चिठ्ठी वगैरे काही नव्हती, चिठ्ठीची गरज नव्हती. त्या आठवड्यात दुकानात एकही गिऱ्हाईक आलं नाही. कोपऱ्यावर एका गोऱ्या माणसानं सलून काढलं होतं, तिथं रांग लागली होती.

आई एका शब्दानं मला बोलली नाही. फक्त एकदा भांडी बांधताना म्हणाली, "ते एक दार होतं, त्याच्या जोरावर आपण या गावात राहत होतो, हे मला कळलंच नव्हतं गं. मी आपली चेष्टा करत राहिले."

१९२१ च्या जानेवारीत आम्ही शिकागोला आलो. दुसरं कुठलं शहर बाबांना माहीतच नव्हतं. मिसेस ग्रिग्जच्या घरी दोन खोल्या मिळाल्या. तिथली थंडी आईला सोसवली नाही. दोन हिवाळे काढले आणि तिसऱ्यात ती फुप्फुसांच्या दुखण्यानं गेली.

बाबा स्टेट स्ट्रीटवर दुसऱ्याच्या दुकानात मागच्या खुर्चीवर काम करायला लागले. आता त्यांच्या खुर्चीवर आमचे लोक बसायचे, तरुण पोरं, गिरण्यांतली, कसाईखान्यातली. सुरुवातीला बाबा त्यांना १९१२ ची हकिगत सांगायचे. एकदा एक जण आरशातून डोळा मारून म्हणाला, "काय सांगता काका! राष्ट्राध्यक्ष निवडायचात तुम्ही? मग आमच्या गल्लीतला दिवा तेवढा लावून द्या की. दोन महिने बंद आहे." सगळं दुकान खो-खो हसलं. पोरगा वाईट नव्हता, नंतर त्यानं माफीही मागितली. पण बाबांनी पुन्हा तो विषय काढला नाही.

शिकागोत नाव नोंदवायला कुणी अडवत नव्हतं. मी आल्या आल्या नोंदवलं. बाबा आज जातो, उद्या जातो म्हणत राहिले. १९२४ च्या शरदात मीच त्यांना घेऊन गेले. शाळेच्या हॉलमध्ये टेबल मांडलं होतं. कारकून आमच्यातलाच होता, विशीतला, हसतमुख.

"या काका, बसा. नाव? जन्म? ... याआधी शेवटचं मत कधी दिलंत?"

"एकोणीसशे साली," बाबा म्हणाले.

त्यानं मान वर केली. "एकोणीसशे? चोवीस वर्षं झोपला होतात की काय, काका?"

तो चेष्टा करत होता. मी घाईघाईनं म्हटलं, "ते अलाबामाचे आहेत." पोराचा चेहरा लगेच उतरला. "माफ करा, काका," तो म्हणाला, "सही करा इथं." त्यानं पेन पुढं केलं. बाबांनी ते घेतलं, कागदावर टेकवलं. मग पेन नीट टेबलावर ठेवून उठले.

"बाबा, फक्त सही करायची आहे."

"मला दिसत नाही नीट," ते म्हणाले.

"मी हात धरते."

"नको."

रस्त्यावर मी त्यांच्यावर चिडले. खूप बोलले. ज्यासाठी आई गेली, घर गेलं, शाळा गेली, ते समोर टेबलावर ठेवलंय आणि तुम्ही उठून आलात, असं सगळं. ते ऐकून घेत चालत होते. घरापाशी आल्यावर म्हणाले, "ओझेला, माझं देऊन झालं गं. माझ्यापाशी आता द्यायला नाहीये."

त्यानंतर त्यांनी कधीच नोंदणी केली नाही. १९२८ च्या मे महिन्यात ते गेले. शेवटचे आठ-दहा दिवस ते मला ओळखत नव्हते. मला 'मॅडम' म्हणायचे आणि कोट कुठं आहे ते विचारायचे.

अंत्ययात्रेहून परतलो तेव्हा पक्षाचा वॉर्डातला माणूस दारात उभा होता. फुलं घेऊन आला होता. जूनमध्ये अधिवेशन होतं, पुढं निवडणूक. त्यानं सांत्वन केलं, बाबा फार चांगले गृहस्थ होते असं म्हणाला, त्यांचं नाव मात्र चुकीचं घेतलं. मग खिशातली वही काढून विचारलं, "बाई, या घरात मतं किती धरायची?"

"एक," मी म्हटलं.

त्यानं लिहून घेतलं आणि पायऱ्या उतरून शेजारच्या दाराकडे गेला.